अपाला नावाची अर्धी गोष्ट

गुलाबी कार्ड माझ्या हातात होतं आणि काळे आजी माझ्या तोंडाकडे बघत होत्या.

"सर, तुमी सांगा. चांगलं हाय ना हे नाव?"

सोबत त्यांचा मुलगा सचिन होता. कोपरगावजवळच्या एका साखर कारखान्यात तो केमिस्ट आहे. त्याला पहिली मुलगी झाली होती. कार्डावर वेलबुट्टीच्या मधे छापलं होतं, 'अपाला'. खाली दोन ओळींत अर्थ आणि कोपऱ्यात बारीक अक्षरात शिंदे मॅडमचं नाव.

मी तीस वर्षं हायस्कूलमध्ये संस्कृत शिकवलं. रिटायर होऊन चार वर्षं झाली. बाळाचं नाव सुचवणं हे काही संस्कृत शिक्षकाच्या ड्यूटीत येत नाही, पण तालुक्यात ते काम माझ्याच गळ्यात पडलं होतं. लोक पत्रिकेतलं अक्षर घेऊन यायचे. मी तीन गोष्टी बघायचो. शब्दाचा अर्थ काय, नावामागे गोष्ट कुठली, आणि घरातल्या आजीला त्या नावानं हाक मारता येईल का. बारसं झालं की पेढे यायचे. मग ते हळूहळू यायचे बंद झाले आणि शिंदे मॅडमकडे जायला लागले.

ही शिंदे मॅडम माझीच विद्यार्थिनी. माझ्याच जागेवर लागली. मोबाईलवर नावं पाठवते, कार्ड डिझाइन करून देते, बारशाला बोलावलं की नटून जाते. लोक म्हणायचे, मॅडमची नावं किती वेगळी असतात. सरळ सांगतो, माझा नुसता जळफळाट व्हायचा. मी काय तीस वर्षं सगळ्यांना बंडू आणि बेबी अशीच नावं वाटत होतो का?

त्यात आता हे नाव. माझ्या डायरीच्या शेवटच्या पानावर हे एकच नाव मी कित्येक वर्षं राखून ठेवलं होतं. माझ्या नातीसाठी. सून पल्लवी तेव्हा सातव्या महिन्यात होती. पण बाळ जन्माला यायच्या आधी नाव काढायचं नाही, अशी आमच्याकडे रीत. म्हणून मी बायकोलाही काही बोललो नव्हतो.

अपाला कोण, ते सांगतो. वेदकाळातली बाई, अत्री ऋषींची मुलगी. नावाचा अर्थ, जिला सांभाळणारं कोणी नाही अशी. तिला कातडीचा रोग होता म्हणून नवऱ्यानं टाकलं आणि ती बापाकडे परत आली. ही झाली अर्धी गोष्ट. पुढे तिनं स्वतः इंद्राची स्तुती रचली. इंद्र आला, काय हवं ते माग म्हणाला. तर या पोरीनं आधी बापाच्या टकलावर केस मागितले, मग बापाच्या शेतात पीक मागितलं, आणि स्वतःसाठी सगळ्यात शेवटी. तिला तिन्ही गोष्टी मिळाल्या. रोग जाऊन तिची कांती उन्हासारखी झाली. मला स्वतःला टक्कल आहे आणि माझ्या वडलांचं रान सगळं खडकाळ होतं. ही पोरगी मला पहिल्यापासून आपल्या घरातली वाटायची.

काळे आजींना मी अर्धीच गोष्ट सांगितली.

"अर्थ म्हणाल तर, जिला कुणी वाली नाही ती," मी म्हणालो.

सचिन गोंधळला. "मॅडम तर म्हणाल्या, मोठी विदुषी होती."

"होती ना. पण अंगावर रोग होता. नवऱ्यानं टाकलेली होती."

आजींनी माझ्या हातातलं कार्ड घेतलं आणि पिशवीत कोंबलं. "नगं रं बाबा. पोरीच्या जातीला असलं नाव?"

"निर्णय तुमचा आहे," मी म्हणालो. अगदी शांतपणे म्हणालो.

त्यांनी मुलीचं नाव आर्या ठेवलं. कारखान्याच्या कॉलनीतली ती तिसरी आर्या. मला पेढ्यांचा बॉक्स आला. ते मी चवीनं खाल्ले.

आठवड्यानं शिंदे मॅडम घरी आली. चिडलेली नव्हती, त्याचाच मला जास्त राग आला.

"सर, काळ्यांना पुढची गोष्ट सांगितली नाहीत का?"

"तेवढा वेळ नव्हता."

"नववीच्या वर्गात तुम्हीच सांगितली होती. बापाच्या टकलाची. आम्ही किती हसलो होतो. तेव्हापासून ते नाव माझ्या लक्षात आहे."

म्हणजे नाव मीच वाटून बसलो होतो. मी तिला चहासुद्धा विचारला नाही.

पुढे पल्लवीला मुलगी झाली. बाळंतपण माहेरी, आणि तिचं माहेर त्याच कारखान्याच्या कॉलनीत. बारशाच्या तीन दिवस आधी मी आणि बायको तिकडे गेलो. माझी मुलगी वैशालीही आली होती. ती बाळाची आत्या, तेव्हा नाव तिनंच कानात सांगायचं. मी डायरी उघडून शेवटचं पान सगळ्यांसमोर धरलं.

पल्लवीचा चेहरा उतरला.

"बाबा, हे नाव तर तुम्हीच नको म्हणालात ना? काळे आजींनी सगळ्या कॉलनीत सांगितलंय. वाबळे सर म्हणाले, हे नाव ठेवलं की पोरगी नांदत नाही."

"असं मी म्हणालो नाही."

"त्या तुमचं नाव घेऊन सांगतात."

मग मी उरलेली गोष्ट सांगितली. टक्कल, शेत, सगळं. तिनं बाळाला मांडीवर थोपटत शेवटपर्यंत ऐकली.

"मग हे त्यांना का नाही सांगितलंत?"

माझ्याआधी बायकोच म्हणाली, "मी सांगते. त्या शिंदे मॅडमवर जळतात हे. दुसरं काय."

कोणी हसलं नाही. मी म्हणालो, "आत्ता जाऊन काळे आजींना पूर्ण सांगून येतो."

"आणि त्यांच्या आर्याचं काय? तिचं बारसं होऊन गेलं," पल्लवी म्हणाली. मग जरा नरमली. "गोष्ट छान आहे, बाबा. पण उद्या हिच्याकडे बघून इथल्या बायका कुजबुजतील. मला नको."

आपला शब्द तालुक्यात शेवटचा मानला जावा, एवढीच माझी आयुष्यभराची हौस. ती अशी पुरी झाली. मी डायरी मिटली आणि संध्याकाळी आम्ही घरी परतलो.

दुसऱ्या दिवशी दुपारी पल्लवीचा फोन आला. तिनं शिंदे मॅडमना विचारलं होतं. मॅडमनी 'विश्ववारा' सुचवलं होतं. तीही वेदकाळातली, त्याच अत्रींच्या कुळातली, स्तुती रचणारी.

"अर्थ सांगा ना, बाबा. चांगला आहे ना?" मग म्हणाली, "पूर्ण सांगा हं."

अर्थ सांगायच्या कामात एक गंमत आहे. आपण काय गाळलं हे ऐकणाऱ्याला कळत नाही, म्हणूनच तो विश्वास ठेवतो. माझ्या सुनेला ते आता कळलं होतं.

"संध्याकाळी सांगतो," म्हणून मी फोन ठेवला आणि कपाटातले तीन कोश काढून बसलो. जगात हवंहवंसं वाटेल ते सगळं जिच्याजवळ आहे, ती विश्ववारा. ना रोग, ना टाकलेली, ना कुणाचा शाप. चार तास शोधलं. त्या नावात वाईट काहीही सापडलं नाही.

संध्याकाळी फोन केला आणि सांगितलं, ठेवा.