अमीनभाऊंचा डोंगर

"गोष्ट चालून दाखवा, मास्तर."

असं म्हणून अमीनभाऊ हातातली छत्री जमिनीवर आडवी ठेवायचे. म्हणजे त्या छत्रीपाशी माझी कादंबरी सुरू झाली, आता तिथून मी पुढचं पाऊल टाकून दाखवायचं. मी टाकत नसे. मग ते छत्री उचलून काखेत मारत आणि बसलेल्या मंडळींकडे पाहून डोळे मिचकावत. त्या मिचकावण्यापायी मी त्या माणसाचा सहा वर्षं मनापासून द्वेष केला.

तुम्हीही असा एखादा माणूस पाहिला असेल. आपण फुगा फुगवत आणतो आणि हा कोपऱ्यात टाचणी घेऊन बसलेला असतो. माझा हा शत्रू आरमोरीत राहायचा. जिल्ह्याला तेव्हा चांदाच म्हणत आणि मी आरमोरीच्या शाळेत मास्तर होतो. त्यांचं नाव मी सांगणार नाही. एकदा मी ते छापवलं होतं, तेवढं पुरे झालं. गावात त्यांना सगळे अमीनभाऊच म्हणत. अमीन म्हणजे जमीन मोजणारा. कुरखेड्यापासून पुढच्या रानापर्यंत तीस वर्षं साखळी ओढून ते पेन्शनीत आले, वाचनालयाची किल्ली त्यांच्याकडे गेली आणि आरमोरीतल्या समस्त लेखकांचे, म्हणजे माझे, वाईट दिवस सुरू झाले.

शनिवारी शाळा सकाळची. दुपारी वाचनालयात मी माझ्या कादंबरीचं एकेक प्रकरण वाचून दाखवायचो. राजपुत्र जयपाल, त्याचा पांढरा घोडा आणि डोंगरापलीकडची केतकी. मुलूख सगळा कल्पित. पोस्टमास्तर माना डोलवत, धानाच्या बाजाराला आलेले लोकही दारात टेकून ऐकत. मी तलवारीच्या जागी पट्टी फिरवायचो. एका प्रकरणाला तर एक म्हातारा रडला होता. आणि तेवढ्यात कपाटाजवळून आवाज यायचा.

"तीन दिवस झाले मास्तर, तुमच्या घोड्यानं पाणी पेल्लं नाई."

दुसऱ्या शनिवारी नदी. पहिल्या प्रकरणात ती किल्ल्याच्या उजव्या हाताला होती, सहाव्यात डाव्या हाताला गेली. अमीनभाऊंनी विचारलं की जयपाल उलटा बसला होता का घोड्यावर. लोक इतके हसले की मला ते प्रकरण पुढे वाचताच आलं नाही.

हा रोग त्यांना रानात जडला होता. तिकडच्या गावांच्या हद्दी कागदावर नव्हत्या. मोजणीच्या दिवशी गावचा म्हातारा पुजारी पुढे चालायचा आणि हद्दीवरच्या प्रत्येक दगडापाशी, झाडापाशी थांबून तिथं काय घडलं ते सांगायचा. इथं आज्याला अस्वलानं धरलं. इथं दोन भाऊ वेगळे झाले. शेजारच्या गावचा म्हातारा मागून चालायचा. गोष्ट पायाखालच्या जमिनीशी जुळेनाशी झाली की तो मुकाट्यानं खाली बसायचा. तो बसला की हद्द तिथंच थांबली. अमीनभाऊ गोष्ट आणि म्हातारा बसला ती जागा, दोन्ही वहीत उतरवून घेत आणि मग रेघ ओढत. तीस वर्षं हेच केल्यावर माणसाला कादंबरी वाचतानाही मधेच खाली बसावंसं वाटणार, यात नवल नाही. पण माझीच कादंबरी का?

या सगळ्याचा त्यांनी एक ग्रंथ केला होता. मोजणीच्या लांबट वहीत, काळ्या शाईत, गोष्ट कशी आखावी आणि तिचा मुलूख कसा मांडावा याचे नियम. मी तो चोरून वाचला. चोरून अशासाठी, की तो मला आवडतोय हे कुणाला दिसू नये. 'पात्र पाण्यापासून किती लांब राहते ते त्याच्या नावाआधी ठरवावे.' 'ज्याच्या गावात बाजार भरत नाही त्याला बातमी उशिरा कळते; अर्धी कथानके येथूनच निघतात.' 'डोंगर सोयीसाठी हलवू नये. डोंगर हलवावा लागला तर कथा हलकी आहे.' ही वही छापली जावी एवढी एकच इच्छा त्या माणसाला उरली होती. हे त्यांनी मला कधी सांगितलं नाही. पोस्टमास्तरांना सांगितलं, म्हणजे गावालाच सांगितलं.

मग नागपूरच्या एका प्रकाशकाचं मला पत्र आलं. कादंबरी छापू, पण आत मुलुखाचा नकाशा हवा. अशी पुस्तकं खपतात.

नकाशा! आरमोरीत नकाशा काढणारा हात एकच होता. दोन दिवस मी जेवलो नाही. तिसऱ्या दिवशी त्यांच्या दारात उभा राहिलो. त्यांनी मला ओट्यावर बसू दिलं, चहा दिला आणि अट घातली. नकाशासोबत वहीही प्रकाशकाकडे जाईल, आणि ओढलेली एकही रेघ मी बदलणार नाही. मी म्हटलं, बरं जी.

एक महिना आम्ही त्या ओट्यावर भांडलो. मी मुलूख सांगायचो, ते ट्रेसिंगच्या गुळगुळीत, अर्धपारदर्शक कापडावर उतरवायचे. माझ्याच प्रकरणांतून त्यांनी अशा गोष्टी काढल्या की आपण त्या लिहिल्यात हे मला माहीत नव्हतं. मी दोनदा उठून गेलो. त्यांनी एकदा माझी हस्तलिखितं अंगणात ठेवली, वर दगड ठेवला आणि दार लावून घेतलं. पण नकाशा! नकाशा असा उतरला की पाहताना मला माझ्याच राज्यात पहिल्यांदा वारा लागला. मधोमध डोंगर, केसाएवढ्या बारीक रेघांचा. त्याच्या पायाला वळसा घालून गेलेली नदी. पलीकडे केतकीचं गाव.

शेवटच्या प्रकरणाशी आम्ही अडलो. केतकीचं लग्न दुसऱ्या दिवशी सकाळी, आणि जयपाल किल्ल्यावरून निघतो तो आदल्या दुपारी.

"पोचत नाई तुमचा जयपाल," अमीनभाऊ म्हणाले. डोंगराला वळसा घालायला दोन दिवस लागतात.

मी एक खिंड मागितली. छोटीशी. एका घोड्यापुरती.

त्यांनी माझं तिसरं प्रकरण काढून माझ्यापुढे ठेवलं. तिथं मीच लिहिलं होतं, की या डोंगराला वाट नाही म्हणूनच केतकीच्या बापानं पोरीला पलीकडे नेऊन ठेवलं. "हे तुमचंच हाय," ते म्हणाले. "मी काय करू?"

आता मी काय केलं ते ऐका. मला लाज वाटते, आणि थोडी मजाही अजून वाटते. मधल्या सुट्टीत शाळेची खोली रिकामी असताना मी तो नकाशा टेबलावर पसरला, नवं ब्लेड काढलं आणि डोंगर खरवडला. ट्रेसिंगच्या कापडावरची शाई हलक्या हातानं खरवडली तर डाग राहत नाही. एकेक रेघ गेली. अर्ध्या तासात मी असा पर्वत भुईसपाट केला की जयपाल डोळे मिटून घोडा फेकू शकला असता. तिसऱ्या प्रकरणातलं ते वाक्यही कापलं. आणि शत्रूशी मोठेपणानं वागायचं म्हणून नकाशाखाली त्यांचं पूर्ण नाव माझ्या सुवाच्य अक्षरात लिहिलं. नकाशा, कादंबरी आणि वही, तिन्ही एकाच पार्सलात गेली.

कादंबरी आधी आली. दुसऱ्या दिवशी अमीनभाऊ भरल्या वर्गाच्या दारात पुस्तक उघडून उभे होते.

"मास्तर, डोंगर कुठी गेला?"

मी खडू ठेवला, पोरांकडे पाहिलं आणि म्हटलं, "अमीनभाऊ, कल्पनेतलाच डोंगर तो. कल्पनेनं आला, कल्पनेनं गेला." वर्ग खो खो हसला. सहा वर्षांत प्रथमच हसणारे माझ्या बाजूला होते.

अमीनभाऊ पोरांचं हसू संपेपर्यंत थांबले.

"डोंगर कल्पनेतला असन. खालचं नाव तं खरं हाय ना? ते माझं हाय."

एवढं बोलून गेले. त्यानंतर ते माझ्याशी एक शब्दही बोलले नाहीत.

पंधरा दिवसांनी वही परत आली. सोबतचं प्रकाशकाचं पत्र त्यांनी शनिवारी वाचनालयात उभं राहून स्वतःच वाचून दाखवलं. नियम चांगले आहेत. पण हे शिकवणाऱ्याच्या स्वतःच्या नकाशात नदी विनाकारण वळते. मोकळ्या मैदानात अर्धं वर्तुळ घेते. वाचक आम्हाला हसतील.

नदी! डोंगर खरवडताना नदी माझ्या ध्यानातच आली नव्हती. ती ज्याला वळसा घालत होती ते मी काढून टाकलं होतं, आणि ती बिचारी तशीच वळत राहिली होती.

पोस्टमास्तरांनी विचारलं, भाऊ, तुमच्या हातून असं कसं झालं? मी खाली मान घालून बसलो होतो. आता ते मला उघडं पाडणार, हे मला पक्कं ठाऊक होतं. मी उत्तरही तयार ठेवलं होतं. अमीनभाऊंनी पत्राची घडी केली. नकाशा माझ्या नावाचा हाय, म्हणाले, आणि कपाटाला कुलूप लावलं.

तुम्ही म्हणाल, तेव्हा तरी मी बोललो असेन. नाही बोललो. मला सुटल्यासारखं वाटलं. घरी जाऊन मी दोन भाकरी जास्त खाल्ल्या.

मग त्यांनी एक नवंच खूळ घेतलं. वाचनालयाच्या प्रतीत त्यांनी तो डोंगर हातानं परत काढला. मग पोस्टमास्तरांच्या प्रतीत. मग झोळीत दौत, टाक आणि खळ घेऊन, कादंबरी कुणी कुणी घेतली याचा माग काढत, ते गावोगाव जाऊ लागले. वडसा, कुरखेडा, कुठल्या कुठल्या खेड्यातला पटवारी. दारात उभं राहायचं, पुस्तक मागायचं, ओट्यावर बसून डोंगर काढायचा, पुस्तक परत द्यायचं. मी शाळेत त्यांची नक्कल करायचो. टाक कानाला लावून, कमरेत वाकून. नक्कल फार छान व्हायची.

माझ्या घरी ते आले नाहीत.

पावसाळा संपता संपता कुरखेड्याला मुलीकडे असताना त्यांना ताप भरला आणि तिथंच ते गेले. खबर आली तेव्हा मला वाटलं की मी जिंकलो. पुढच्या शनिवारी मी नव्या कादंबरीचं प्रकरण वाचायला उभा राहिलो. घोडा सकाळपासून धावत होता. मी कपाटाकडे पाहिलं, थांबलो आणि पुन्हा पाहिलं. मग घोड्याला ओढ्यावर नेऊन पाणी पाजलं आणि वाचन बंद केलं.

पुढच्या उन्हाळ्यात परीक्षेच्या कामासाठी मी कुरखेड्याला गेलो. दवाखान्यातल्या नर्सबाईंना कळलं की कादंबरीवाले मास्तर आलेत. त्यांनी चहाला बोलावलं आणि माझं पुस्तक पुढे ठेवलं. वाचून वाचून त्याच्या पानांचे कोपरे गेले होते.

"शेवट लय खरा लिहिला तुमी, मास्तर," बाई म्हणाल्या. "मी तं रडली."

माझ्या शेवटाला जयपाल भर मांडवातून केतकीला घोड्यावर घेतो, लोक जयजयकार करतात. त्यात रडण्यासारखं काय होतं? मी पुस्तक उघडलं. नकाशात डोंगर होता. आणि शेवटच्या पानावर खळीनं एक लांबट कागद चिकटवला होता, फक्त वरच्या कडेनं. काळी शाई, ओळखीचं अक्षर. कागद उलटून पाहिला तर मागे नियम होता, कात्रीनं मधेच कापलेला. म्हणजे मोजणीची ती वही त्यांनी पान पान करून घरोघर वाटून टाकली होती.

माझ्या कादंबरीत! मला न विचारता! तो कागद टरकावून काढायला मी कडेला नख घातलंही होतं. मग आधी वाचला.

सात ओळी होत्या. जयपाल डोंगराला वळसा घालून लग्नाच्या दुसऱ्या दिवशी संध्याकाळी पोचतो. घोडा मोकळा सोडतो. नदीत पाय धुतो. पलीकडे माणसं मांडवाचे बांबू सोडवत आहेत, आणि एक जण पाण्यापलीकडून हाक मारून विचारतो, की पाहुणे, जेवले का?

बाईंनी पुस्तक माझ्या हातातून काढून घेतलं. त्यांना माझं नख दिसलं असावं. मग पदरानं ते पुसत त्यांनी विचारलं, की याच्या पुढे त्याचं काय झालं? त्याच दिवशी परत फिरला का तो?

मी म्हटलं, "नाही, बाई. मुक्काम केला असेल. परत जायलाही दोन दिवस लागतात. मध्ये डोंगर आहे."