‘गजकर्ण’चा पहिला अंक

लग्न ठरताना माझ्या माहेरच्यांनी एक गोष्ट लपवली होती. आमच्या घरात खरूज होती.

(हात मागं घेऊ नका! बोटांच्या बेचक्यात होते ती नव्हे.) ‘खरूज’ म्हणजे माझ्या वडिलांनी, दादांनी, तरुणपणी काढलेलं अनियतकालिक. दादा आजऱ्याला मास्तर होते. शाळेत पोरांना भागाकार शिकवायचे आणि सुट्टी पडली की मेणकागदावर लोखंडी टोकाच्या लेखणीनं चित्रकथा कोरायला बसायचे. मग हातानं फिरवायच्या सायक्लोस्टाइल मशीनवर त्या छापायच्या आणि चहाच्या टपऱ्यांवर गुपचूप वाटायच्या. गावातले सगळे मानकरी त्यात असायचे; कुणी बेडूक, कुणी रांजण. एकदा चौकशीला हवालदार आला. त्यानं अंक उघडला, त्यात स्वतःच्या साहेबाचं चित्र बघितलं आणि आवाज खाली आणून म्हणाला, “मास्तर, अजून दोन द्या की. एक मेव्हण्याला लागंल.”

असं नाव का ठेवलं विचारलं की दादा सांगायचे, “खाजवल्याशिवाय राहवत न्हाय म्हणून!”

सासरी मात्र खाजवायलासुद्धा परवानगी लागते. माझे सासरे, अण्णा, साखर कारखान्यातून निवृत्त झाले ते कारखान्याचा भोंगा घशात घेऊनच. कसबा बावड्यातल्या आमच्या कॉलनीचे ते अध्यक्ष. खालच्या हॉलबाहेर सूचनांचा फळा आहे, तो भरलेला नसेल तर अण्णांना जेवण जात नाही. ‘जिन्यात उभे राहून बोलू नये.’ दुसऱ्या दिवशी, ‘जिन्यात बसूनही बोलू नये.’ खाली ठसठशीत : ‘हुकुमावरून’.

मी शाळेत चित्रकला शिकवते. बारा वर्षं मुलांकडून डोंगरामागून उगवणारा सूर्य काढून घेतेय, आणि तो अजून नीट उगवलेला नाही. तर गेल्या वर्षी आम्हा चित्रकला शिक्षकांसाठी एक शिबिर झालं. तिथं एक तरुण प्राध्यापक भूमिगत चित्रकथांच्या इतिहासावर बोलले. साठ-सत्तरच्या काळात अमेरिकेत पोरांनी मोठ्या प्रकाशकांना कसं फाट्यावर मारलं, स्वतःच चित्रं काढून स्वतःच छापली, दुकानदारांवर खटले कसे झाले. त्याच सुमाराला इकडं मराठीत, हातात दमडी नसलेल्या पण डोक्यात आग असलेल्या पोरांनी सायक्लोस्टाइलवर अनियतकालिकं कशी काढली. त्यांत आपल्या वस्त्यांमधली पोरं किती होती! मला राहवेना. मी उभी राहिले.

“सर, आमच्या घराण्यातच आहे हे! माझ्या वडिलांनी ‘खरूज’ काढली होती!”

“अरे वा!” प्राध्यापक खूश झाले. “आणि मॅडम, तुम्ही सध्या काय काढता?”

खरं उत्तर ‘नाष्ट्याला पोहे’ असं होतं. सगळं सभागृह माझ्याकडं बघत होतं. मी म्हणाले, “काढतेय की. येईल लवकरच.”

घरी पोचायच्या आत दादांना फोन लावला.

“दादा, मशीन हाय का अजून?”

“हाय की! तुझ्या आईनं त्याच्यावर टीव्ही ठेवलाय.”

“चालतंय?”

“टीव्ही न्हाय चालत. मशीन चालतंय.”

चार दिवसांनी काजूच्या टेम्पोतून बारदानात गुंडाळलेलं मशीन दारात उतरलं. सोबत जपून ठेवलेले मेणकागद आणि शाईचे दोन डबे. नेमके अण्णा दारात.

“काय हाय गं कांचन ह्ये?”

मशीनला दांडा होता. मला दुसरं काही सुचलं नाही. “शेवयाचं मशीन, अण्णा. माहेरचं.”

झालं! माझ्या सासूबाईंनी, आत्यांनी, त्याच दुपारी रवा भिजवून ठेवला. मशीनचा एक भाग तुटलाय, तो आता मिळत नाही, असं सांगून मी तो प्रसंग निभावला. (त्या रव्याचा आम्ही आठवडाभर उपमा खाल्ला. भिजवलेल्या रव्याचा उपमा कसा लागतो ते विचारू नका.)

अंकाचं नाव मी ‘गजकर्ण’ ठेवलं. ‘खरूज’च्या लेकीनं दुसरं काय काढायचं? आता विषय हवा. बंड करायचं तर कुणाविरुद्ध? सरकार लांब होतं. अण्णा जवळ होते.

मी चार चौकटींची चित्रकथा काढली. नायक भोंगाजीराव. त्याला तोंडाच्या जागी भोंगा. पहिल्या चौकटीत तो डासांना नोटीस देतो : ‘दहानंतर गाणी म्हणू नयेत.’ दुसऱ्या चौकटीत सूर्याला : ‘टाकीवर ऊन पाडून पाणी तापवू नये.’ तिसरीत तो स्वतःच्या सावलीला मागंमागं येण्याबद्दल दंड करतो. चौथीत त्याची बायको शांतपणे त्याच्या पाठीवरचं बटण बंद करते आणि चहा प्यायला बसते.

नवऱ्याला, सुधीरला, दाखवलं. तो पोट धरून हसला, मग एकदम गंभीर झाला. “ह्ये अण्णा हायत.”

“छे! अण्णांना कुठं भोंगा आहे?”

“खांद्यावर टॉवेल हाय, खिशात तीन पेनं हायत, आणि डासबी आपल्याच गॅलरीतलं दिसायल्यात. कांचन, काय व्हायचं ते हू दे, माझं नाव घेऊ नगंस.”

असा घरचा पाठिंबा मिळाल्यावर मी छपाईचा मुहूर्त धरला. वैशाख पौर्णिमेच्या आदल्या दिवशीची दुपार. दुसऱ्या दिवशी हॉलमध्ये बुद्धवंदना, मग अण्णांचे दोन शब्द, मग खीर, असा दरवर्षीचा कार्यक्रम. कॉलनीतली सगळी घरं येतात; आम्ही बौद्ध, बाकीची मराठा, लिंगायत, सगळी. खिरीला जात नसते. अण्णा आणि आत्या सामान आणायला बाजारात गेलेले. हॉलची किल्ली माझ्याकडं. मी मशीन खाली नेलं.

शाई डब्यात दगडासारखी झाली होती. दादांना विचारलं तर म्हणाले, “थेंबभर एरंडेल घाल.” घरात एरंडेल नव्हतं. मी शेंगतेल घातलं. थेंबानं काही होईना, म्हणून पळी घातली. मग आणखी एक पळी. (फोडणीचा हात! दुसरं काय?) शाई अशी काय सरसरून धावायला लागली! मी दांडा फिरवला, खटॅक-खटॅक, आणि चाळीस प्रती बाहेर पडल्या. काळ्या, चमकदार, ओल्या. खरं सांगते, डोळ्यांत पाणी आलं. थोडं आनंदानं, थोडं वासानं.

आता वाळवायच्या कुठं? समोर उद्याच्या कार्यक्रमाच्या चाळीस खुर्च्या ओळीनं मांडलेल्या. एकेका खुर्चीवर एकेक प्रत पसरली, पंखे सोडले, मशीन पुसून पोत्यात भरलं, आणि तेवढ्यात बाहेर अण्णांच्या स्कूटरचा आवाज!

कोपऱ्यात खुर्च्यांच्या धुतलेल्या कव्हरांचा गठ्ठा होता. पातळ, पांढरी सुती कव्हरं. माझ्या हातात इतका वेग कधी आला नव्हता. अण्णा दारात आले तेव्हा मी चाळिसावं कव्हर ओढत होते.

“शाब्बास!” अण्णा म्हणाले. “सांगायच्या आधी काम! सून असावी तर अशी.” आणि त्यांनी हॉलला कुलूप लावून किल्ली खिशात घातली.

बेत साधा होता. सकाळी सगळ्यांच्या आधी हॉलमध्ये जायचं, कव्हरांखालून अंक काढून घ्यायचे. पण सकाळी आत्यांनी मला खिरीच्या पातेल्यापाशी उभं केलं.

“आत्या, जरा हॉलमधी जाऊन येऊ?”

“खीर करपली तर तू बोलनार हायस का पावन्यास्नी? ढवळ!”

मी ढवळत राहिले. खाली वंदनेचे सूर सुरू झाले, संपले. सतरंजीवरची माणसं खुर्च्यांवर जायला लागल्याचा आवाज आला. मी डाव टाकून धावले. हॉलच्या दारात पोचले, पण उशीर झाला होता.

चाळीस खुर्च्यांवर चाळीस बायका बसल्या होत्या. वंदनेला पांढरं नेसायची रीत, म्हणून सगळ्याच पांढऱ्याशुभ्र साड्यांत. (पुरुष नेहमीप्रमाणं दाराशी उभे. खुर्ची रिकामी असली तरी दाराशी उभं राहणं हा त्यांचा हक्कच आहे.) पुढच्या ओळीत आत्या. व्यासपीठावर अण्णा, आणि त्यांच्या शेजारी आजऱ्याहून मुद्दाम आलेले प्रमुख पाहुणे, माझे दादा!

“बसताना जरा चुरचुरलं,” एक बाई आमच्या शेजारच्या शोभाकाकूंना सांगत होती. काकू तेवढ्या गुडघ्यांमुळं घरचं स्टूल घेऊन आल्या होत्या. “कव्हरं नवी दिसत्यात,” काकू म्हणाल्या.

मला वाटलं, अण्णा लवकर आवरतील तर अजून वाचेन. अण्णा चाळीस मिनिटं बोलले. विषय ‘शिस्त’. वैशाखाचं ऊन, घाम, शेंगतेल, आणि वरून चाळीस मिनिटांचा दाब! कुठल्याही छापखान्यात इतकी चोख छपाई होत नसेल.

“आता सर्वांनी रांगेनं खिरीकडं जावं!” अण्णांनी हुकूम सोडला.

बायका उठल्या. शेवटच्या ओळीतून पहिल्यांदा ‘फिस्स’ असा आवाज आला. मग रांगेतल्या दुसऱ्या बायका हसल्या. प्रत्येक बाई पुढच्या साडीकडं बघून हसत होती, आणि आपल्या मागचीही आपल्याकडं बघूनच हसतेय याची कुणालाच खबर नव्हती. दाराशी उभे असलेले पुरुष सभ्यपणे वळून भिंतीकडं बघायला लागले. भिंतींचे खांदे हलल्यासारखे दिसत होते, पण हलत होते ते पुरुषांचे.

आणि व्यासपीठावरून अण्णांना काय दिसलं? चाळीस भोंगाजीराव, हलतडुलत, शिस्तीत, खिरीकडं निघालेले.

“थांबा!”

हॉल जागच्या जागी थांबला. अण्णा खाली उतरले. आत्यांच्या मागं जाऊन त्यांनी चष्मा लावला. अक्षरं उलटी उमटली होती. एका शहाण्या पोरीनं लगेच आपल्या आईचा फोटो काढला, मोबाईलमध्ये तो फिरवला आणि मोठ्यानं वाचला : “डासांनी दहानंतर गाणी म्हणू नयेत. हुकुमावरून!”

इतकी शांतता की खिरीवर साय धरल्याचं ऐकू आलं असतं.

“कुनी केलं ह्ये?” अण्णांनी विचारलं. आवाज चक्क हळू होता. मला अण्णांच्या ओरडण्याची कधी भीती वाटली नव्हती. त्या दिवशी वाटली.

मी ‘मी’ म्हणायला तोंड उघडलं, पण आत्यांनी आधीच पदर खोचला होता. “मी केलं! काय म्हननं हाय?”

“तुला चित्र काढाया येतंय?”

“तुमच्यासंगं ऱ्हाऊन आलं!”

आत्यांनी मला वाचवलंच होतं. पण तेवढ्यात व्यासपीठावरून दादा घाईघाईनं आले, खुर्चीवरच्या कव्हराजवळ वाकले, ते हुंगलं, आणि पन्नास वर्षांच्या अधिकारानं गरजले, “शेंगतेल! कांचे, तुला एरंडेल सांगितलं हुतं न्हवं? आनि थेंबभर! फोडनी घातलीस व्हय शाईला?”

चाळीस साड्या गर्रकन माझ्याकडं वळल्या. सुधीर तेवढा भिंतीकडंच बघत राहिला.

“अण्णा, चुकलं माझं,” मी म्हणाले.

अण्णांनी एका खुर्चीचं कव्हर काढलं. खालची प्रत उचलली. चारी चौकटी वाचल्या. पुन्हा पहिल्यापासून वाचल्या. मग माझ्याकडं बघितलं.

“मिशी कुठं हाय?”

“आँ?”

“माझी मिशी! भोंगा काढलास, टॉवेल काढलास, पेनं मोजून तीन काढलीस. आनि मिशी? मानसानं वळखायचं कसं?”

आणि अण्णा हसले. कारखान्याचा भोंगा तीन पाळ्यांचा एकदम वाजावा तसे! मग हॉलच फुटला. बायका एकमेकींना वळवून वळवून बघायला लागल्या. आत्या चौथ्या चौकटीवर बोट ठेवून अण्णांच्या पाठीवर खरोखरच चाचपायला लागल्या, “ह्ये बटन कुटं असतंय गं? इतकी वर्सं मला कुनी सांगितलं न्हाई!” दादा कोपऱ्यात हवालदाराची गोष्ट तिसऱ्यांदा सांगत होते. फक्त शोभाकाकू स्टुलावर रुसून बसल्या होत्या. “समद्यांच्या साडीवर आलं. माझी तेवढी कोरी! मी काय कॉलनीत ऱ्हात न्हाय व्हय?” शेवटी दादांनी त्यांना रीतसर एका खुर्चीवर दहा मिनिटं बसवलं.

साड्या मीच धुतल्या. शोभाकाकूंची धरून एक्केचाळीस, दोन रविवार, गच्चीवर. डाग गेले नाहीत. उलट शेंगतेलामुळं त्यांना एक प्रकारची चमक आली.

पण खरा घात पुढं झाला. मी इतिहास वाचलाय. जगभर अशा अंकांवर बंदी आली, छापे पडले, गठ्ठेच्या गठ्ठे जाळले गेले, आणि त्यामुळंच लोक ते जिवावर उदार होऊन वाचत राहिले. माझ्या ‘गजकर्ण’वर बंदी आली नाही. अण्णांनी फळ्यावर सूचना लावली : ‘गजकर्ण दरमहा निघेल. प्रत्येक घराने तो वाचून वहीत सही करणे सक्तीचे आहे. हुकुमावरून.’

तेव्हापासून कॉलनीत तो कुणी वाचत नाही. सगळे सही करतात आणि वही पुढं सरकवतात. गेल्या महिन्यात अण्णांनी वही तपासली, तर अंक छापून व्हायच्या आधीच सही केलेलं एक घर रंगेहाथ सापडलं. आमचं. सही माझी होती.