डोळखांबच्या विहिरीतले दात

माझे मामा जनार्दन भोईर गेल्या महिन्यात, एका मंगळवारी सकाळी, सापगावच्या राहत्या घरी वारले. वय एकाहत्तर. झोपेतच हृदय थांबलं असावं, असं शहापूरहून आलेल्या डॉक्टरांनी सांगितलं. दुधवाल्याने हाका मारल्या, दार उघडलं नाही, तेव्हा त्याने शेजाऱ्यांना बोलावलं. मला फोन आला त्या वेळी मी ठाण्याच्या कचेरीत दुसऱ्याच कोणाच्या तरी निधनाची बातमी तपासत होते. मामी चार वर्षांपूर्वी गेल्या. एकुलती मुलगी मनीषा लग्नानंतर पुण्याला असते. घरात आणखी कोणी नव्हतं.

मामा कवळ्या बनवायचे. तरुणपणी दादरला एका कवळ्या करणाऱ्याच्या हाताखाली शिकले आणि शहापुरात येऊन त्यांनी स्वतःचं काम सुरू केलं. आसपासचे दाताचे डॉक्टर रुग्णाच्या तोंडाचं माप घेऊन पाठवत. मामा त्यात प्लॅस्टर ओतून हिरड्यांचा साचा काढत आणि त्या साच्यावर मेणात एकेक दात रचत. मामी गेल्यावर त्यांनी बाजारपेठेतली जागा सोडली आणि टेबल सापगावच्या घरी, पुढच्या खोलीत आणून मांडलं. भिंतीवरच्या फळीवर साचे ओळीने ठेवलेले असत. फळीच्या वर खिळ्याला मोरीचा जबडा टांगलेला होता. मोरी म्हणजे शार्क. तिची लहान जात, मुशी, आमच्याकडे वाळवलेली येते आणि पावसाळ्यात घरोघर शिजते. हा जबडा मात्र मोठ्या माशाचा होता. मुरबाडच्या बाजारात सुकी मासळी विकणाऱ्या एका बाईने तो किनाऱ्यावरून मुद्दाम आणून दिला होता. मामांनी तिला कवळी करून दिली होती आणि ती लावून तिने पहिल्या दिवशी येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला हसून दाखवलं होतं.

मी लहान असताना मामा माझं बोट धरून त्या जबड्यात, पुढच्या रांगेच्या मागे घालत. तिथे आडव्या पडलेल्या दातांची दुसरी रांग लागायची, तिच्यामागे तिसरी. "पुढचा पडला की मागचा सरकून उभा राहतो. मरेपर्यंत असंच चालू," ते सांगत. "माणसाचं असं असतं तर मी काय खाल्लं असतं गो?" मामी आतून म्हणत, "मोरीच खाल्ली असती. आता काय दुसरं खाता?"

सोमा त्यांच्याकडे पहिल्यांदा आला तो मामी गेल्यानंतरच्या उन्हाळ्यात. डोळखांबच्या वरच्या अंगाच्या एका पाड्यावर तो राहतो. भात आणि नाचणी निघाली की मिळेल त्या कामावर बाहेर पडायचं, असं त्याचं बरंचसं आयुष्य गेलं. त्याच्या बायकोच्या तोंडाचं माप शहापूरच्या डॉक्टरांनी घेतलं होतं आणि कवळी मामांकडे तयार होती. सोमा एकटाच आला. "म्हातारी गेली," तो म्हणाला. "तुमचा माल उगाच अडकून पडंल म्हून सांगाया आलो, डाक्टर."

"मी डॉक्टर नाय रे."

"दात बसवता ना? मंग डाक्टरच."

मामांनी त्याला बसवलं आणि तयार कवळी दाखवली. त्याने ती नुसती पाहिली. मग शेजारच्या प्लॅस्टरच्या साच्याकडे बोट करून हे काय आहे, असं विचारलं. तुझ्या बायकोच्या हिरड्या, मामांनी सांगितलं. सोमाने साचा हातात घेतला, अंगठा हळूहळू कडेने फिरवला आणि उजवीकडच्या एका उंचवट्यावर थांबवला. "हितं तिला लई दुखायचं," तो म्हणाला. तिचा एकही फोटो त्याच्याकडे नव्हता. घेऊन जा, असं मामा म्हणाले, तर तो नको म्हणाला. मेल्या माणसाचं तोंड घरात ठेवलेलं सुनेला चाललं नसतं. कवळी आणि साचा दोन्ही ठेवून तो परत गेला. हे सगळं मला मामांनी सांगितलं.

शहापूरच्या पुढच्याच आठवडी बाजाराच्या दिवशी तो पुन्हा आला. त्या दिवशी मी तिथे होते. त्याने कमरेची तंबाखूची चंची सोडली, आतून काहीतरी काढलं आणि मामांच्या टेबलावर ठेवलं. तो एक दात होता. अंगठ्याच्या पेराएवढा, तिकोनी, राखाडी-काळा, कडांना करवतीसारख्या बारीक खाचा असलेला. मामांनी तो जबड्यातल्या दाताशेजारी धरला. आकार तोच, पण जबड्यातला दात पांढरा आणि हलका, तर हा हाताला जड आणि गार. दाताचा दगड झालेला. कुठे मिळाला, मी विचारलं. "आमी पाड्यावर इहीर खणतोय," सोमा म्हणाला. "तळाला घावला." आणि फळीकडे तोंड करून बसला.

डोळखांबच्या विहिरीत शार्कचा दात, ही बातमी होती. मी फोटो घेतले आणि भूगर्भशास्त्राच्या एका प्राध्यापकांना दाखवले. दात खरा आहे, लाखो वर्षांपूर्वीचा आहे, ते म्हणाले, पण तुमच्याकडचा नाही. शहापूर-मुरबाडचा काळा खडक लाव्हाचा. त्यात समुद्रातले जीव सापडत नाहीत. असे दात कच्छकडे मिळतात. मी पाड्याच्या ग्रामपंचायतीत फोन केला. तिथे कोणतीही विहीर खणली जात नव्हती. पाड्याला नळाचं पाणी होतं.

पुढच्या रविवारी मी हे सांगायला सापगावला गेले. मामा टेबलाशी बसून बारीक ब्रशने तोच दात साफ करत होते. त्यांनी माझं सगळं ऐकून घेतलं. मग टेबलावरच्या कागदाकडे बोट केलं. दाताच्या मुळाच्या खाचेतून निघालेली चिमूटभर पिवळी रेती त्यावर होती.

"अशी माती आपल्याकडं कुठं बघितलीस?" ते म्हणाले. "तो कच्छात होता. खाणीवर, मुकादमाबरोबर. परवाच बोलता बोलता बोलला."

"मग विहिरीचं कशाला सांगतो?"

"नुसतं बसायला कोणाच्या घरी कसं यायचं? काय तरी घेऊन यावं लागतं." ते थोडा वेळ ब्रश फिरवत राहिले. "चंचीत आणखी आहेत. वाजतात. एकदम देत नाय, एकेक आणतो. तू त्याला विचारलंस की तो यायचा बंद होईल... आणि मग माझ्याकडं कोण येतंय?"

त्यांनी कागद दुमडला, दारापाशी जाऊन रेती अंगणात झटकली आणि दात फळीवर ठेवला. बातमी झाली नाही.

त्यानंतरची तीनेक वर्षं सोमा येत राहिला. सगळ्याच बाजारांना नाही. लग्नसराईत, भाताच्या आवणीत, कामाला बाहेर गेला तर महिना महिना नाही. डोळखांबहून एसटीने शहापूर आणि तिथून चालत सापगाव. आला की दात टेबलावर ठेवायचा. मामा चष्मा लावून तो उजेडात धरायचे आणि विहीर किती खोल गेली, ते विचारायचे. सोमा हाताने दाखवायचा. एकदा मामा म्हणाले, "एवढी खोल गेली आणि पाणी नाय? जागा चुकली तुमची." सोमा गंभीरपणे म्हणाला, "खडक लई घट्ट हाय, डाक्टर." मग कोरा चहा व्हायचा. बोलणं फारसं नसे. सोमाची बसायची जागा ठरलेली होती. तिथून फळीवरचा तो साचा समोर येत असे. इतर साच्यांवर धूळ असे, त्याच्यावर नसे. तो उठून गेला की मामा ब्रश घेऊन बसत आणि मुळाशी अडकलेली रेती काढून टाकत. मी एकदा विचारलं, तुम्हाला ठाऊक आहे हे त्याला ठाऊक आहे का? "नसंल," मामा म्हणाले. "असंल पण. विचारायचं कशाला?"

मी त्यांना फोन करत असे. तब्येत, जेवण, पाऊस... मग ते आपणहून सांगत, "सोमा आला", किंवा "सोमा आला नाय". ज्या बाजाराला तो येत नसे त्या दिवशीही पुढचं दार दुपारभर उघडं असायचं, असं शेजारच्या बाईंनी मला नंतर सांगितलं. सोमाचा मोबाइल नंबर मामांकडे नव्हता. त्यांनी तो कधी मागितला नव्हता. त्यामुळे ते गेल्यावर सोमाला कळवता आलं नाही.

दिवसकार्य झाल्यावर मनीषाने घर भाड्याने द्यायचं ठरवलं. सामान आवरायला आम्ही दोघी सापगावला गेलो. तो बाजाराचा दिवस होता. मनीषाने कवळ्या, ब्रश, मेणाच्या वड्या खोक्यात भरल्या. विहिरीतले म्हणून आलेले सगळे दात एका डबीत घातले. साचे गोणीत टाकताना ती म्हणाली, "ही लोकांची तोंडं बाबांनी कशाला ठेवली असतील?" मी गोणीतून एक साचा काढून परत फळीवर ठेवला. कोणाचा, ते तिला सांगितलं.

दुपारी सोमा आला. उंबऱ्याशी चपला काढल्या आणि खोक्यांकडे पाहत तिथेच थांबला. "डाक्टर बाहेर गेलं का?"

मी सांगितलं. तो उंबऱ्यावरच बसला. डोक्यावरची टोपी काढून गुडघ्यावर ठेवली. "कदी?"

मी दिवस सांगितला.

"मी आवणीत अडाकलो," तो म्हणाला. मनीषाने पाणी दिलं, ते तो प्यायला. तिच्याकडे पाहून म्हणाला, "तुझं लई सांगायचे. पुण्याला मोठी नोकरी हाय म्हनं." मग तो आत आला आणि फळीसमोर उभा राहिला. फळीवर एकच साचा होता.

"घर भाड्याने देणार आहोत, काका," मनीषा म्हणाली. "हा तुमचा आहे ना?"

सोमाने साचा उचलला. अंगठा पुन्हा त्याच कडेवरून गेला.

"घरात चालेल का?" मी विचारलं.

"सून बोलंल," तो म्हणाला. "बोलू दे."

खांद्यावरच्या टॉवेलात त्याने साचा गुंडाळला आणि पिशवीत ठेवला. मग कमरेची चंची सोडली, आतून एक दात काढला. चंची उलटी करून झटकली. तंबाखूचा चुरा तेवढा पडला.

"हा आणला होता त्यांना." तो म्हणाला, "इहिरीला पाणी लागलं, बाय. आता खणायचं नाय."

इतकी वर्षं उडालेल्या प्लॅस्टरची पांढरी भुकटी फळीवर बसली होती. साचे होते तेवढ्या जागा मात्र स्वच्छ होत्या. सोमाने दात त्या साच्याच्या रिकाम्या जागी ठेवला, चपला घातल्या आणि डोळखांबची एसटी गाठायला शहापूरच्या रस्त्याने निघाला.

गेल्या रविवारी शेजारच्या बाईंना किल्ली द्यायला मी सापगावला गेले होते. घर अजून भाड्याने गेलेलं नाही. मोरीचा जबडा मनीषाने पुण्याला नेला. फळी भिंतीत पक्की बसवलेली आहे, ती तशीच आहे. तिच्यावर तो दात आहे. मुळाच्या खाचेत पिवळी रेती आहे.