आभाळाचं अस्तर

कामाला बसायच्या आधी मास्तर मान वर करून आभाळ बघायचे. पाऊस-बिऊस नाय. दुकानात कापड बघावं तसं, डोळे बारीक करून. मग म्हणायचे, "शिलाई अच्छी है. टिकेगा." आन् मशीनवर बसायचे.

छावणीत एका मंडपवाल्याच्या गोडाऊनमधी आम्ही दोघं कामाला व्हतो. ते शिंपी, मी ठिगळवाली. माझा नवरा तिथंच मांडव बांधायचा. एक दिवस बल्लीवरून पडला आन् गेला. पोरगी तवा कडेवर व्हती. महिन्याभरानं मालक म्हणले, ये कामाला. मी गेले. त्यात जास्त सांगण्यासारखं काय नाय.

तुम्ही लग्नात जेवताना वर बघितलं असंल, तर मांडवाचं पांढरं छत दिसलं असंल. भुईनळ्याच्या ठिणग्यांनी त्याला भोकं पडत्यात. खालच्या अंगानं पांढऱ्या दोऱ्यानं भोक मिटवायचं, वरच्या अंगानं ठिगळ मारायचं, मजबुतीला. ठिगळ कुठल्याबी रंगाचं चालतं. वर ताडपत्री असती, कोण बघतंय? जुन्या झालरीचं लाल, पडद्याचं हिरवं, हाताला येईल ते. पोरगी कडेवर व्हती तवापासून लग्नाला आली तवापर्यंत एकाच छताला मी ठिगळं लावली.

पहिले चार-सहा महिने मी कुणाशी बोलत नव्हते. मुकाट टाके घालायचे. एक दिवस मास्तर म्हणले, "बहन, हमारे उधर आभाळ कापडाचं हाय."

"उधर मंजी कुठं?"

त्यांनी कात्रीनं दाखवलं. "गंगापूरच्या पुढं. एसटी जात नाय."

मग ऐकून घ्यावंच लागलं. तिकडं म्हणं आभाळाला भोकं पडत्यात, आन् खालची माणसं शिडी लावून ठिगळं मारत्यात. वर्षातून एकदा भर दुपारी आभाळ पलटतं. अस्तर खाली येतं. सगळ्यांची ठिगळं दिसत्यात, आन् ज्यानं जे ठिगळ लावलं त्याचा रंग त्याच्या अंगावर पडतो. राजा येतो, सरदार येत्यात, पण त्यांच्या अंगावर नुसतं ऊन. त्यांनी टाका घातलेला नसतो.

मांडववाली पोरं चिडवायची, "मास्तर, तुमच्या आभाळाला इस्त्री कोण करतं?"

"उन्हाळा करतो. तू कायकू फिकर करता?"

मी हसले. नवरा गेल्यावर पहिल्यांदा. मास्तरांनी बघितलं, पण बघितलं असं दाखवलं नाय. त्यांचं असंच.

पोरीची सोयरीक जमली. पोरगं चांगलं, पण त्याचा चुलता लई नाकवाला. आमची गल्ली बघून म्हणला, "इथं कुठं मांडव घालता? लग्न आमच्या दारात लावू. तुमचंबी झाकलं जाईल."

मी म्हणलं, "झाकायसारखं आमच्यात काय नाय. लग्न इथंच व्हईल."

म्हणून बसले खरी. जलमभर दुसऱ्याचे मांडव शिवले, आन् माझ्या दाराला घालायला धडकं फडकं नव्हतं. मास्तरांना सांगितलं. ते म्हणले, "वो बुढ्ढा छत लेके जा. मालकानं मोडीत काढलंय. मी बोल्तो."

"फुकटचं नको, मास्तर."

इतक्या वर्षांत ते तवाच चिडले. "फुकट? उसमें मालक का कपडा कम, तेरा टाका ज्यादा है." आन् उठून मालकाशी बोलायला गेले.

लग्नाच्या दिवशी मास्तर सकाळीच मांडववाली पोरं घेऊन आले. मी आत पोरीपाशी. मांडव बांधून झाला, बाहेर आले, वर बघितलं. छत उलटं. माझी सगळी ठिगळं खाली. वर ताडपत्रीबी नाय.

"मास्तर, उलटं लागलं."

"हौ," मास्तर म्हणले.

तेवढ्यात वऱ्हाड आलं. चुलत्यानं मान वर केली. "अहो बाई, तुमचं छत उलटं हाय. ठिगळं दिसायलीत."

पोरीच्या सासूनं खाली बघितलं. मला वाटलं, आता हे नवरदेवाला गाडीत बसवत्यात आन् लग्न त्यांच्या दारात नेत्यात.

मास्तर पुढं झाले. "पावणे, आज हमारे उधर आभाळ पलटायचा दिन हाय. बारा बजे तक रुको."

चुलता म्हणला, "कोण हाय हा म्हातारा?" पण थांबला.

ऊन डोक्यावर आलं. तुम्ही बघायला पायजे व्हतं. आधी पोरीच्या हातावर लाल आलं. मग तिच्या सासूच्या पदरावर हिरवं, भटजीच्या पाठीवर जांभळं. बारकी पोरं जमिनीवरचे रंग पकडत पळायला लागली. सगळा मांडव रंगला. चुलता तेवढा जिथं उभा व्हता तिथं ठिगळ नव्हतं, त्याच्या अंगावर कोरं ऊन.

मास्तरांनी त्याला हळूच हात केला. "थोडं इकडं सरका, पावणे. रंग पडंल."

तो सरकला. पांढऱ्या टोपीवर पिवळं पडलं. त्यानं टोपी काढून बघितली, परत घातली, आन् विचारलं, "एवढी ठिगळं लावली कुणी?"

"मी," म्हणलं. अक्षता तिथंच पडल्या, माझ्या दारात.

सगळे जेवायला बसल्यावर मी निवांत वर बघितलं. माझं एकेक ठिगळ मला वळखू येतं. मधोमध एक माझं नव्हतं. निळं, टाके वाकडेतिकडे. मास्तरांना तवा मोतीबिंदूनं सुईचं भोकबी दिसत नव्हतं. त्यांच्याच जुन्या सदऱ्याचा तुकडा, खिशासकट. खिशाचं तोंडबी शिवून टाकलेलं.

मागच्या उन्हाळ्यात मास्तर गेले. कबरस्तानाच्या फाटकाबाहेर मी उभी राहिले. बायांना आत जाता येत नाय, म्हणून वर बघितलं. "शिलाई अच्छी है," म्हणलं.

छत माझ्याकडंच हाय. उन्हाळ्यात अंगणावर बांधते, ठिगळं खाली करून. नातवंडं खाली लोळत्यात आन् दरसाली तेच म्हणत्यात, "आजी, त्या खिशात काय हाय? उसवून बघू का?"

मी म्हणते, "दुसऱ्याच्या खिशात हात घालायचा नसतो."