आतल्या भिंतीची परवानगी

ललिताबाई माझी शेजारीण. साठीची झाली, पण सोयाबीन सोंगायले अजूनही पोरींच्या पुढं. आसेगावात कोणाशी वाकडं नाई. अन् तिच्या पोटी हा राजपाल!

त्याचं लगन झालं तवा एका लांब खोलीत मधात अर्ध्या विटेची भिंत घातली, लोखंडी दार बसवलं. नवरा-बायकोले आडोसा पायजे ना! त्या आडोशात त्यानं बायकोले, रीताले, गुरावाणी मारलं. पट्ट्यानं, कुकरच्या झाकणानं. दात पडला, पोटातलं लेकरू गेलं. ललिताबाई बाहेरून दार बडवत राहे अन् आतून कडी.

"रुपा, भिंतच पाडा लागते," ती मले म्हणे. "मंग मार म्हणा माझ्या डोळ्यांपुढं."

आमी दोघी ग्रामपंचायतीत गेलो. ग्रामसेवक म्हणाले, "आतल्या भिंतीले आमची परवानगी लागत नाई, मावशी. घर ज्याच्या नावावर, त्याले इचारा." घर राजपालच्या नावावर. आता बोला!

तरी त्या माउलीनं दुपारी जेवताना त्याले नरमाईनं इचारलं, "बेटा, भिंत काढू का? हवा खेळत नाई." त्यानं ताट तिच्या तोंडावर हाणलं. भुवई फुटली. "इटेले हात लाव, तिथंच गाडतो तुले!" मंग, सासूले तूच शिकवलं म्हणत रीताले झिंज्या धरून आत नेलं अन् कडी लावली.

मी आरडाओरडा आयकून धावली. रीताचा आवाज अर्ध्यातच बंद झाला.

ललिताबाईनं गोठ्यातली सब्बल, लोखंडी पहार, आणली. शिव्या देत देत घाव घातले, विटा धडाधड आत पडल्या. पाहतो तं तो मुडदा राजपाल रीताच्या छातीवर बसलेला, पट्टा तिच्या गळ्याले आवळलेला. ललिताबाईनं सब्बल त्याच्या खांद्यात घातली. हाड मोडलेलं मले आयकू आलं. खोटं कायले सांगू, बरं वाटलं. रीताले आमी त्या भगदाडातूनच ओढून काढलं अन् ऑटोत घालून मंगरूळपीरच्या दवाखान्यात नेलं.

तिकडं राजपालनं पोलीस ठाण्यात तक्रार देली, मालकाले न इचारता भिंत पाडली अन् खांदा मोडला म्हणून. जमादार दवाखान्यात आले. रीता खाटेवर पदर ओढून पडली होती.

"भिंत तुमीच पाडली?"

"मीच पाडली, साहेब. खांदाही मीच मोडला. लिवा."

मंग तिनं रीताच्या गळ्यावरचा पदर बाजूले केला.

"अन् याची परवानगी त्यानं कोणाची घेतली होती, तेही इचारा त्याले."