फळ्यावरचं वातमानस

हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही. आईला नाही, नवऱ्याला नाही, विहारातल्या बायकांना तर नाहीच — त्यांना सांगितलं असतं तर संध्याकाळपर्यंत अख्ख्या बुवापाड्याला कळलं असतं. आणि आधीच सांगते, मला माफीबिफी नको. यातल्या अर्ध्या गोष्टीची मला लाजच वाटत नाही. उरलेल्या अर्ध्या गोष्टीची वाटते.

दोन हजार सालानंतरची ती दोन-तीन वर्षं. अंबरनाथ पश्चिमेला एका वाचनालयात मी पुस्तकं द्यायचे-घ्यायचे. झाडू मीच मारायचे, चहाही मीच करायचे. आणि अक्षर चांगलं म्हणून दाराजवळच्या फळ्यावर रोजचा सुविचार, तोही मीच लिहायचे. एकदा पुस्तकात काही धड सापडेना, म्हणून माझ्या मनातलं लिहिलं आणि खाली नाव टाकलं, सुनंदा. कार्यवाहांनी ओल्या फडक्यानं पुसून टाकलं. "इथं थोरामोठ्यांचं लिहायचं असतं गं." बुवापाड्यातल्या पोरीचं नाही, हे ते बोलले नाहीत — बोलायची गरज होती का?

माझं डोकंच फिरलं. दुसऱ्या दिवशी तेच वाक्य, एक शब्द न बदलता, पुन्हा लिहिलं आणि खाली टाकलं, 'वातमानस, प्राचीन ग्रंथ'. आणि काय सांगू तुम्हाला! लोक थांबून वाचायला लागले. खुद्द कार्यवाहांनी डायरीत उतरवून घेतलं.

असा ग्रंथ नव्हता. कुठेच नव्हता. वारा आणि मन — मला काय कळत होतं त्यातलं? अहो, सगळं कळत होतं! एमआयडीसीकडून वारा फिरला की आमच्या चाळीत तो केमिकलचा वास घुसायचा, डोळे चुरचुरायचे आणि नळावर भांडणं सुरू. बाप विनाकारण आईवर ओरडायचा. वारा डोंगराकडून आला की तोच बाप शीळ घालत दाढी करायचा. हे मी लहानपणापासून बघत आलेले. म्हणून लिहिलं, 'माणसावर रागावण्याआधी वारा कुठून येतोय ते बघ.' वाईट आहे? आज सांगा ना, वाईट आहे? दोन वर्षं मी तो ग्रंथ लिहीत राहिले, रोज एक वाक्य, खडूनं. त्याची मला काडीचीही लाज नाही.

लाज पुढची आहे.

एक सर यायचे. संस्कृतचे रिटायर मास्तर, राहायला बदलापूर गावात. बाकी सगळ्यांना मी 'ए सुनंदा' — मला 'सुनंदाबाई' म्हणणारे तेवढे एकच. फळ्यावरचं वाक्य ते रोज वहीत उतरवायचे. एक दिवस विचारलं, हा ग्रंथ पाहायला कुठे मिळेल? तेव्हाच सांगायला हवं होतं. मी ठोकून दिलं — वांगणीच्या पुढे, डोंगरातल्या एका वाडीवर, एका म्हाताऱ्याकडे पोथी आहे. सत्तरीचा माणूस, गुडघे धरलेले, दोनदा तो डोंगर चढून गेला. वाडीवरची माणसं म्हणाली म्हणे, "अशी कंची पोथी नाय आमच्याकं, भाताचं काय ते इचारा." सरांनीच मला हे हसत हसत सांगितलं. मग वही उघडून त्या दिवशीचं वाक्य उतरवता उतरवता म्हणाले, "असू दे. लिहीत राहा." मला वाटलं, चला, सुटले.

त्या वर्षी वाचनालयाच्या वार्षिक कार्यक्रमात सरांनी वातमानसवर भाषण केलं. सगळ्या खुर्च्या भरलेल्या. कल्याणहून एक प्राध्यापक पाहुणे म्हणून आलेले. सर तासभर बोलले, माझं एकेक वाक्य उलगडून — मी मागे चहाचा ट्रे धरून उभी, अंगावर काटा! आणि भाषण संपताच पाहुण्यांनी विचारलं, हस्तलिखित कुठाय? पाहिलंय का कोणी? सर गडबडले नाहीत. शांतपणे माझ्याकडे वळले. "सुनंदाबाई, तुम्ही सांगा यांना."

सगळी मुंडकी माझ्याकडे वळली. आणि मी काय बोलावं?

"मला काय माहीत? सरच सांगायचे, मी लिहायचे."

नोकरी जाईल म्हणून? छे हो. तेवढ्या पगारात झाडू, चहा आणि पुस्तकं सांभाळणारी दुसरी मिळत होती कुठे त्यांना! 'मी लिहिलं' म्हटलं असतं तर ते हसले असते — त्या हसण्याला घाबरले मी. म्हणून ते हसू उचलून सरांच्या अंगावर टाकलं. पाहुणे हसले, कार्यवाह तर पोट धरून हसले. सरांनी माझ्याकडे एकदा पाहिलं, वही मिटली. "हो. माझंच आहे ते," म्हणाले, चपला घातल्या आणि गेले. पुन्हा वाचनालयाची पायरी चढले नाहीत. 'खोट्या पोथीवाले मास्तर' असं नाव पडलं त्यांना. पार बदलापूरपर्यंत पोचलं ते. चाळीस वर्षं शिकवलेल्या माणसाला म्हातारपणी हे नाव — आणि ते मी दिलं.

दीडेक वर्षानं सर वारले. सूनबाई वाचनालयाची राहिलेली पुस्तकं परत करायला आली, त्यांत चुकून ती वहीही आली. मी काउंटरवरच उघडली. पहिल्या पानावर सरांच्या ठसठशीत अक्षरात लिहिलेलं होतं, 'वातमानस. कर्त्री : सुनंदाबाई, बुवापाडा.' खाली तारीख. भाषणाच्या बरीच आधीची, ते दुसऱ्यांदा डोंगरावरून आले त्या आठवड्यातली.

म्हणजे त्यांना ठाऊक होतं! तासाभराच्या भाषणात त्यांनी 'प्राचीन' हा शब्द एकदाही काढला नव्हता, हे मला तेव्हा आठवलं. 'तुम्ही सांगा यांना' म्हणून त्या माणसानं मला भरल्या सभेत पुढे बोलावलं होतं, माझं नाव मी माझ्या तोंडानं सांगावं म्हणून.

वही मी जमा केली नाही. घरी पत्र्याच्या पेटीत आहे. अजूनही अंबरनाथमध्ये एखादं जुनं माणूस मास्तरांच्या खोट्या पोथीची गंमत सांगतं आणि मी गुपचूप ऐकून घेते. आता नाही ऐकणार. तो ग्रंथ मी केला, सरांनी नाही. आणि ते वाक्यही मीच बोलले, हातात ट्रे धरून, सगळ्यांच्या समोर.