कोराडीची राख आणि दुसरीचा आवाज

माझं बालपण कोराडीच्या वसाहतीत गेलं. वडील तिथल्या कोळशाच्या वीज केंद्रात नोकरीला होते. राख सगळीकडे बसायची, म्हणून वाळलेले कपडे झटकूनच घरात आणायचे आणि ताट पुसूनच वाढायचं, असा आमच्याकडे रिवाज होता. दिग्दर्शकाला हे सांगितलं तेव्हा तो म्हणाला की, यावरच फिल्म करू. तो पुण्याचा. गोष्ट नसलेल्या छोट्या फिल्म करायचा आणि कलादालनांच्या भिंतींवर दाखवायचा. त्याच्या आधीच्या कामांतही मी होते. या वेळी केंद्रातली राख सोडतात त्या तळ्याकाठी उभी राहून मी कॅमेऱ्याशी बोलले. शब्द माझे होते, बोली घरची होती.

नागपूरच्या प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी तालमीत कळलं की माझा आवाज काढून पुण्यातल्या एका अभिनेत्रीचा घातला आहे.

"तुमची बोली गोड आहे हो," तो म्हणाला, "पण लोक हसतील."

प्रदर्शनात मला फिल्मकडे पाठ करून, फिल्ममधल्याच साडीत, लोकांसमोर खुर्चीवर बसायचं होतं. तोंड उघडायचं नाही, ही त्याची अट. मी ती मान्य केली. भांडायचं तर समोर लोक हवेत, आणि ते दुसऱ्या दिवशी येणार होते.

उद्घाटनाला आई आली. फिल्म एकदा संपेपर्यंत तिने पाहिली आणि सगळ्यांदेखत माझ्याजवळ येऊन विचारलं, "तोंड तुयं हाय, मंग आवाज कोनाचा लावला वं?"

फिल्म पुन्हा सुरू झाली तशी मीही बोलायला लागले. मागे वळून बघावं लागलं नाही. कोणत्या शब्दानंतर श्वास घेतला होता ते मला पाठ होतं. माझा आवाज पडद्यावरच्या ओठांवर नेमका बसला आणि स्पीकरमधला मागे पडू लागला. बोलताना मी दिग्दर्शकाकडेच बघत होते. तो पांढरा पडला. कोणी हसलं नाही.

टाळ्या झाल्या. दोन आवाजांची कल्पना कशी सुचली, असं लोकांनी त्याला विचारलं. बरेच दिवस डोक्यात होती, असं त्याने सांगितलं.

दुसऱ्या दिवशी परदेशातल्या प्रदर्शनासाठी कामं निवडणाऱ्या बाई दिल्लीहून आल्या. कालच्यासारखंच बोलायचं, असं त्याने मला सकाळीच बजावलं होतं. मी हो म्हटलं नव्हतं. फिल्म सुरू झाली. मी गप्प बसले. आधी तो हसला, मग बाईंच्या मागून हातवारे करू लागला. फिल्म दुसऱ्यांदा संपत आली तेव्हा तो खुर्चीपाशी वाकला.

"प्लीज, बोला ना."

मी त्याच्या खांद्यावरून पलीकडे बघत राहिले. एवढंच आहे का, असं बाईंनी त्याला विचारलं आणि उत्तराची वाट न बघता त्या शेजारच्या दालनात गेल्या.

त्यानंतर त्याने मला कामासाठी विचारलेलं नाही. त्याने विचारावं, असं मला अजूनही वाटतं. नकार चारचौघांत देता यावा, इतकीच इच्छा आहे.